नीतीचे माप



समजा, उद्या अकोल्याच्या बाजारात एक यंत्र विकायला आले. ताप पाहण्याची काचेची नळी असते ना, तशीच नळी; फक्त ही बगलेत धरली की तापाऐवजी माणसाची नीती दिसते. कोणाची चाळीस, कोणाची साठ, एखाद्या बुवांची नव्वद. विकणारा आणखी सांगतो की, यंत्राला मागे एक किल्ली आहे. ती रोज थोडी थोडी पिळली की चाळिसाचा माणूस साठावर येतो. दारू सुटते, तोंडची शिवी जाते, शेजाऱ्याचा धुरा कोरण्याची खोड मोडते. किंमत जबर आहे, पण गावाने वर्गणी केली तर जमेल. घ्यावे काय?

पहिल्याने हसू येईल. पण जरा थांबून पाहिले तर या यंत्राला गावात गिऱ्हाईक पुष्कळ निघेल. मुलीसाठी स्थळ पाहणारा बाप म्हणेल, आधी मुलाचा आकडा दाखवा. सालदार ठेवणारा म्हणेल, याला नळी लावून घ्या. सोसायटीची निवडणूक असो की भावाभावांतली वाटणी असो, "एक डाव आकडा समजला का झगडाच मिटला बावा" असे म्हणणारे पारावर दहा मिळतील. आधी आपल्याच बगलेत लावून पाहू, असे म्हणणारा एखादाच.

असे यंत्र जगात नाही. परंतु ते आपल्या हाती आहे असे समजून माणसांनी पुष्कळ कारभार केलेला आहे, आणि आजही तो चालू आहे. त्या कारभाराचे काय झाले ते पाहू, आणि मग वर्गणीचा विचार करू.

एक गोष्ट मात्र आधीच सांगून ठेवतो. मापाशी आमचे वैर नाही. वऱ्हाडी माणसाचे तर मुळीच नसावे. आपला मुलूख कापसाचा. जुन्या काळी शेतकरी गाडी घेऊन बाजारात गेला की, दलाल आणि खरेदीदार रुमालाखाली हात घालून बोटे दाबीत आणि भाव ठरवीत. ज्याचा माल त्याला भाव सर्वांत शेवटी कळे. तराजू दुकानदाराचा, वजने दुकानदाराची, आणि वर कडता नि धर्मादाय वेगळाच. ह्या अंधाराला आळा घालण्याचा पहिला प्रयत्न आपल्याच मुलखात झाला. कारंज्याला १८८६ साली देशातला पहिला नियंत्रित कापूस बाजार सुरू झाला, आणि १८९७ साली वऱ्हाडासाठी कापूस व धान्य बाजाराचा कायदा आला. विलायतेतल्या गिरण्यांना चांगला कापूस हवा होता, हा इंग्रजांचा स्वार्थ त्यात होताच. तरी पण खरा तराजू हा गरिबाचा कैवारी असतो, हे आम्ही विसरत नाही. पुढे देशभर ज्या बाजार समित्या झाल्या, त्यांची सुरुवात ही अशी वऱ्हाडात आहे.

पण ह्याच बाजाराने आणखी एक धडा दिला आहे. वजनावर पैसा मिळतो म्हटल्यावर कापसाला पाणी मारणारे निघाले. मग ओलावा पाहण्याचे यंत्र आले. सरकारी खरेदीत ओलावा ८ टक्क्यांच्या वर गेला की भाव उतरतो, आणि १२ च्या वर गेला की गाडी परत. तेव्हा ओला माल तळाशी आणि कोरडा वर, अशा गाड्या भरणारेही निघाले. कापूस बिचारा निर्जीव. आपले वजन होत आहे हे त्याला कळत नाही. लबाडी करतो तो त्याचा धनी. माणसाची गोष्ट निराळी. तो स्वतःच माल आणि स्वतःच धनी. त्याला तराजूत बसवले की, पाणी मारायला दुसरा कोणी लागत नाही.

आणि माणसाला तराजूत बसवणे ही काही आमची कल्पना नव्हे. आपल्या धर्मशास्त्रात ती अक्षरशः आहे. याज्ञवल्क्य स्मृतीत पाच दिव्ये सांगितली आहेत : तुला, अग्नी, जल, विष आणि कोश. त्यांतल्या तुलादिव्यात आरोपी माणसाला मोठ्या तराजूच्या एका पारड्यात बसवीत आणि त्याच्या भारोभार वजन दुसऱ्या पारड्यात घालून खूण करून ठेवीत. मग तो खाली उतरे, तराजूची प्रार्थना होई, आणि त्याला पुन्हा बसवीत. पारडे वर गेले तर माणूस निर्दोष. खाली गेले तर दोषी. पापाला वजन असते असे धरून चालणारे हे शास्त्र होते. त्या काळच्या लोकांना ते अगदी रोकडे आणि निःपक्षपाती वाटत असले पाहिजे, कारण तराजू कोणाचा भाऊबंद नसतो.

पण त्याच ठिकाणी पुढे काय म्हटले आहे ते पाहावे. तराजू कोणासाठी? तर स्त्री, बालक, वृद्ध, आंधळा, पांगळा, रोगी आणि ब्राह्मण यांच्यासाठी. शूद्राच्या वाट्याला विषाचे सात यव. म्हणजे पाप मोजायला बसण्यापूर्वीच कोणाला कोणत्या मापाने मोजायचे हे जातीवर ठरलेले! ज्याने विष खाऊन आपला खरेपणा सिद्ध करायचा, त्याचा निकाल तराजूकडे जाण्याच्या आधीच अर्धा लागलेला असे. पुढे मराठ्यांच्या राज्यात वतनाच्या आणि पाटीलकीच्या तंट्यांत रवादिव्य होत असे. उकळत्या तेला-तुपातून धातूचा तुकडा हाताने काढायचा. हात पिशवीत घालून वर मोहर करायची. काही दिवसांनी ती पंचांदेखत उघडायची. हात भाजला तर खोटा. ह्याचे कागद आजही दप्तरांत आहेत. ते वाचताना आमच्या मनात एकच विचार येतो. ज्याच्या हाताला जन्मभर नांगराचे घट्टे पडले, त्याचा हात कमी भाजत असेल आणि ज्याची कातडी मऊ, त्याचा जास्त. कातडीची परीक्षा झाली आणि नीतीचा निकाल लागला.

हे जुने झाले, अडाणीपणाचे झाले, असे कोणी म्हणेल. तर मग विद्येच्या काळातले पाहू, आणि ते दूरचे नको, आपल्या शेताच्या धुऱ्यावरचे पाहू.

एकोणिसाव्या शतकात युरोपात असा एक समज पसरला की गुन्हेगार हा जन्माने वेगळा असतो आणि त्याच्या कवटीवरून, जबड्यावरून, कानाच्या ठेवणीवरून तो ओळखता येतो. इटलीतल्या लोंब्रोझो नावाच्या डॉक्टराने १८७६ साली ह्यावर मोठा ग्रंथ लिहिला. आपल्याकडे इंग्रजांनी त्याच्याही आधी, १८७१ साली, गुन्हेगार जमातींचा कायदा केला होता. त्यामागचा तर्क सोपा होता. हिंदुस्थानात सुताराचा मुलगा सुतार होतो, विणकराचा विणकर. तेव्हा चोराचा मुलगा चोरच होणार! कायदा आधी उत्तरेत लागू झाला, १९११ साली देशभर लागू करता येईल असा झाला, आणि १९२४ साली पुन्हा नव्याने बांधला गेला. ज्या जमातीचे नाव यादीत चढले, तिच्या माणसांची नोंद होई, बोटांचे ठसे घेतले जात, पोलिसाकडे हजेरी लावावी लागे, आणि गाव सोडायचे तर परवाना. काहींना तारेच्या कुंपणातल्या वसाहतींत ठेवले. लेकरू जन्माला आले की त्याचा आकडा तयार, आणि तो शून्य.

ह्या यादीत पारधी होते. फासेपारध्यांचे बेडे अमरावती आणि अकोला जिल्ह्यांत आपण सगळ्यांनी पाहिले आहेत. फासे लावून तितर-लावा धरणारी, सशामागे रानोमाळ फिरणारी ही माणसे. त्यांच्यातल्या कोणी चोऱ्या केल्याच नाहीत, असे आम्ही म्हणत नाही. कोणत्या जातीत चोरी झाली नाही? पण त्यांना मोजणाऱ्याने माणूस पाहिला नाही, यादी पाहिली. आणि पुढची गोष्ट अधिक वाईट आहे. यादीतल्या माणसाला काम कोण देणार? गावात राहू कोण देणार? काम नाही, जमीन नाही, आणि १९७२ च्या वन्यजीव कायद्यानंतर शिकारही नाही. मग पोटासाठी एखाद्याने शेतातली कणसे नेली की मोजणारा म्हणणार, पाहा, आमचा आकडा बरोबर होता. यंत्राने जे दाखवले तेच यंत्राने घडवून आणले, आणि त्यालाच पुरावा म्हणून पुढे केले.

कायदा ३१ ऑगस्ट १९५२ रोजी रद्द झाला. यादी कागदावरून गेली. मनातून गेली काय, हे प्रत्येकाने आपल्यापुरते पाहावे. गावात चोरी झाली की पहिली गाडी बेड्याकडे वळते, हे आजही ऐकू येते. अमरावती जिल्ह्यात, नांदगाव खंडेश्वर तालुक्यातल्या मंगरूळ चव्हाळा येथे मतीन भोसले नावाच्या पारधी समाजातल्याच एका शिक्षकाने आपल्या समाजाच्या लेकरांसाठी शाळा काढली, आणि तिचे नाव ठेवले 'प्रश्नचिन्ह'. आश्रमशाळांना देवाची, संतांची, पुढाऱ्यांची नावे देण्याची आपल्याकडे रीत आहे. इथे पाटीवर नुसता प्रश्न आहे. तो कोणाला विचारला आहे हे वेगळे सांगायला नको.

तिकडे शहरांत अजून नवी यंत्रे आली आहेत. डोक्याला तारा लावून मेंदूतल्या लहरी पाहायच्या आणि ह्या माणसाला गुन्ह्याची आठवण आहे की नाही ते सांगायचे. २००८ साली पुण्याच्या एका सत्र न्यायालयाने खुनाच्या खटल्यात अशा तपासणीचा आधार घेतला होता. पुढे ५ मे २०१० रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, मेंदूची ही तपासणी, खोटे पकडण्याचे यंत्र किंवा गुंगीचे औषध देऊन विचारपूस, यांतले काहीही माणसावर त्याच्या मर्जीविरुद्ध लादता येणार नाही. फार चांगले झाले. चीनमध्ये रोंगचेंग नावाच्या शहरात प्रत्येक नागरिकाला आरंभी १००० गुण देऊन वाहतुकीचा नियम मोडला तर वजा, सेवा केली तर अधिक, असा हिशेब सुरू झाला. (साऱ्या चीनभर असा एकच आकडा आहे असे आपल्याकडे सांगतात, ते खरे नाही.) आमच्या यंत्राची किल्ली म्हणतात ती हीच. मात्र अशा शहरात आजारी शेजाऱ्याला डबा नेणारा माणूस तो कशासाठी नेतो, हे पुढे त्याचे त्यालाही नीट सांगता येईल किंवा नाही, अशी आम्हांस शंका आहे.

पण दुसऱ्यांच्या घरात फार वेळ डोकावणे बरे नव्हे. आपल्या घरात काय आहे?

आपण वारकरी तर मोजण्यात कोणाला हार जाणारे नाही. माळेचे मणी १०८. हरिपाठ रोज. एकादशा वर्षाच्या २४. कोणाची वारी कितवी, हे विचारल्याशिवाय ओळख पुरी होत नाही. हल्ली तर बोटात घालायचे मोजणीयंत्र मिळते. नाम घेतले की बटण दाबायचे. आणि वर चित्रगुप्ताची वही आहेच. तेव्हा कोणी विचारील की, बुवा, तुम्ही स्वतः आयुष्यभर मोजता आणि मापाला नावे कशी ठेवता?

प्रश्न रास्त आहे. मणी मोजतो तो मन पळू नये म्हणून. शंभर मण्यांनंतर आठ राहिले हे बोटाला कळते, तेवढा मनाला लगाम. तो आकडा कोणाला दाखवायचा नसतो, आणि दाखवून त्याच्या बदल्यात काही मिळत नाही. जोवर असे आहे तोवर मोजणी निरुपद्रवी आहे, उपकारकही आहे. अमेरिकेत बेंजामिन फ्रँकलिन नावाचा मोठा कर्तबगार पुरुष अठराव्या शतकात होऊन गेला. त्याने तेरा सद्गुणांची यादी करून एका लहान वहीत रोज आपल्या चुकांचे ठिपके मांडण्याचा नेम धरला होता. त्याला त्याचा उपयोग झाला, असे तो लिहितो. पण यादीतल्या नम्रतेपाशी तो अडला. हा गुण आपल्याला पुरता साधला असे कधी वाटले, तर आपल्याला त्या नम्रतेचाच गर्व होईल, असे त्याने प्रांजळपणे लिहून ठेवले आहे. आमच्या कीर्तनकारांनी हा दृष्टांत जरूर घ्यावा. अहंकार कसा पाठीमागच्या दाराने येतो, हे परदेशातल्या एका व्यवहारी गृहस्थालाही कळले होते.

खरी पंचाईत होते ती आपली मोजणी दुसऱ्याच्या हाती गेली म्हणजे. गळ्यात तुळशीची माळ घालताना आपण शपथ घेतो : मद्यमांस वर्ज्य, परस्त्री माते समान, खोटे बोलणार नाही, वारी चुकवणार नाही. त्या वेळी कोणी परीक्षा घेत नाही, गुण देत नाही. माळ ही आपली आपल्याला आठवण. पण गावाने तिचे माप केले. 'माळकरी आहे, उसने द्यायला हरकत नाही.' 'माळकरी आहे, त्याच्याकडे मंदिराची पेटी ठेवा.' असा तिला भाव आला, तेव्हा ज्याला उसने पाहिजेत आणि ज्याला पेटी पाहिजे, तोही माळ घालू लागला. कापसाला पाणी मारले जाते ते असे. आणि मग खरे माळकरी हळहळतात की, माळेची किंमत राहिली नाही. तिची किंमत केली कोणी?

आपल्याच भागातल्या एका दिंडीची गोष्ट आमच्या कानी आली. नाव सांगत नाही. शिस्त यावी ह्या चांगल्या हेतूने तिथल्या मंडळींनी वही घातली. काकड्याला हजर तर एक खूण, हरिपाठाला हजर तर एक खूण, वाटेत तंबाखू खाल्ली तर फुली. पंढरपूरला पोचेपर्यंत ज्याच्या खुणा जास्त, त्याला एकादशीला विण्याचा मान. पहिले चार दिवस शिस्त अशी की बघत राहावे. पाचव्या दिवशी उन्हात एक म्हातारी बाई रस्त्याच्या कडेला बसली ती उठेना. दिंडी पुढे चालली होती, मुक्कामी हरिपाठाची वेळ होत होती. तीस-चाळीस टाळकरी तिच्या बाजूने गेले. त्यांतल्या कितीकांनी "माऊली, पाणी घ्या" म्हटलेही, पण थांबले नाहीत. एक पोरगा थांबला. तिला झाडाखाली नेली, फडके ओले करून डोक्यावर ठेवले, मागून येणाऱ्या गाडीत बसवली आणि रात्री नऊला मुक्कामी आला. वहीत त्याच्या नावापुढे हरिपाठाची फुली पडली.

फुली मारणाऱ्याला आम्ही दोष देत नाही. तो त्याचे काम करीत होता, आणि पोरगा हरिपाठाला हजर नव्हता हे अक्षरशः खरे होते. आम्हांला भय वाटते ते बाकीच्या तीस-चाळिसांचे. ही माणसे वाईट नव्हती. वही नसती तर त्यांतले दहा तरी थांबले असते. वही त्यांची नीती मोजायला आली होती आणि तिने त्यांच्यातली थोडी काढून घेतली.

तरी काही जाणते म्हणतील की, ही वहीची चूक, मोजण्याची नव्हे. सेवेलाही खूण ठेवा, म्हातारीला पाणी पाजले तर पाच खुणा द्या. पण मग पुढल्या वर्षी म्हाताऱ्या शोधत फिरणारे निघतील. आणि त्या म्हातारीला हे कळले की आपण पाच खुणांची बाई आहोत, तर तिला त्या पाण्याची चव कशी लागेल? एखादे कृत्य चांगले कशाने होते, याचा विचार ह्या जागी आपल्याला टाळता येत नाही. पाणी तेच, हात तोच. पोराने पाजले तेव्हा त्याच्या मनात म्हातारी होती; खुणेसाठी पाजणाऱ्याच्या मनात खूण असते. बाहेरच्या तराजूला ह्या दोहोंतला फरक दिसत नाही. ज्याला दिसतो तो विटेवर उभा आहे, आणि त्याने आजवर कोणाचा आकडा आपल्याला वाचून दाखवला नाही.

आपल्या संतांनी हे अंगावर सोसले आहे. आळंदीच्या विद्वानांनी चार लेकरांकडे पैठणचे शुद्धिपत्र मागितले, म्हणजे लेखी आकडाच मागितला. संन्याशाची पोरे, म्हणून माप आधीच शून्यावर. त्यात ज्ञानोबा, निवृत्तिनाथ, सोपान आणि मुक्ताई अशी चार माणसे उभी आहेत, हे मापाला दिसले नाही. आणि जनाबाईंची कथा तर मोजणाऱ्यांनी रोज ऐकावी. देवाच्या गळ्यातले पदक नाहीसे झाले आणि शोध घेता ते जनाबाईंकडे सापडले. पुरावा चोख होता. पदक खरोखर तिच्या घरी होते, कोणी खोटी साक्ष दिली नव्हती. फक्त ते देवानेच रात्री येऊन तिथे विसरले होते, हे पंचांच्या हिशेबात बसणारे नव्हते. तिला सुळावर न्यायला निघाले आणि सुळाचे पाणी झाले, असे कथेत आहे. बेड्यावर पोलिसांची गाडी जाते, तेव्हा मात्र सुळाचे पाणी होत नाही. म्हणून आम्हांस वाटते की जनाबाईंची कथा सांगताना शेवटच्या चमत्कारापाशी डोळे पुसण्यापेक्षा, पदक सापडले त्या घटकेपाशी थोडे अधिक थांबावे. त्या घटकेला जमलेल्या लोकांत आपण असतो तर काय म्हटले असते?

आता तुम्ही म्हणाल की, तराजूची एक गोष्ट तर आपल्या माहेरचीच आहे, तिचे काय? तिच्याकडेच येतो. वर्धा नदीच्या काठचे कौंडण्यपूर हे रुक्मिणीमातेचे माहेर, अमरावती जिल्ह्यातले. तिथून तिची पालखी दर आषाढीला पंढरीस जाते. तर सत्यभामेने नारदाला श्रीकृष्ण दान दिला आणि मग सोडवून घेण्यासाठी त्याला तराजूत बसवले. भांडारातले सोने आले, दागिने आले, पारडे हलेना. शेवटी रुक्मिणीने एक तुळशीपत्र ठेवले आणि पारडे वर गेले. ही कथा ऐकून कोणी म्हणते, पाहा, भक्तीला वजन असते! तेव्हा आम्हांला तुलादिव्याची आठवण होते. तुळशीपत्राला जर वजन आहे, तर दुसऱ्या दिवशी द्वारकेच्या बाजारात तुळशीचा भाव सोन्याच्या वर गेला पाहिजे, आणि एखाद्या धूर्त व्यापाऱ्याने तुळशीची बाग लावून कृष्ण विकत घेतला पाहिजे. तसे झाले नाही. ते पान पुन्हा कोणाच्या तराजूत चढले नाही. सत्यभामेने तेच पान उचलून ठेवले असते तर पारडे हलले असते काय? आमच्या समजुतीने त्या दिवशी तराजू मोडला. जे मोजायचे होते ते आपल्यात मावत नाही, हे त्याने सर्वांदेखत दाखवले. रुक्मिणीने मात्र किती वजन होईल याचा विचार केलेला कथेत कुठे दिसत नाही.

राहिली किल्ली. मोजता येत नसेल, पण माणसाला वळण तर लावावेच लागते. दारूने घरे जात आहेत, कर्जाने शेते जात आहेत, त्यांना तसेच सोडायचे काय? मुळीच नाही. आणि वळण कसे लावावे हे शिकायला आपल्याला चीनला जायचे कारण नाही.

भातकुली तालुक्यात पूर्णेच्या काठी ऋणमोचन म्हणून क्षेत्र आहे, मुद्गलेश्वराचे. नावाप्रमाणे ऋणातून मोकळे व्हायला लोक तिथे स्नानाला येतात. पौष महिन्यात यात्रा असते. नदीला उतरायची वाट चिखलाची. म्हाताऱ्या बायाबापड्या घसरत. शेंडगावच्या झिंगराजी परिटाचा मुलगा डेबू, जे पुढे गाडगे महाराज झाले, त्यांनी तिथे फावडे घेऊन उतार नीट केला, आणि पुढे घाट बांधून घेतला. पापपुण्याचे ऋण फेडायला आलेल्या माणसांच्या पायांखाली त्यांनी आधी पायरी ठेवली. बापाचा संसार दारूने गेलेला त्यांनी पाहिला होता; दापुरीला मामाची जमीन सावकाराच्या वहीत कशी अडकते तेही पाहिले होते. आकड्यांची वही माणसाला कशी खाते, हे त्यांना कोणी पुस्तकातून सांगायला नको होते.

१ फेब्रुवारी १९०५ ला त्यांनी घर सोडले. पुढची पन्नास वर्षे गावोगाव आधी खराटा, मग कीर्तन. कीर्तनात ते पोथी कमी सांगत आणि प्रश्न जास्त विचारत. तुमच्या गावात दारू किती, कर्ज काढून लग्न करता काय, बोकड कापून देव पावतो काय, पोरगं शाळेत जाते काय. आणि उत्तरे लोकांच्याच तोंडून काढीत. त्यात कोणाला उभे करून कोणाचे माप काढणे नव्हते. हजार माणसांत प्रत्येकाला वाटे, हा आपल्याच घरचे बोलतो आहे. स्वतःच्या मुलीच्या बारशाला जातभाईंच्या रीतीप्रमाणे दारू-मटण न देता गोड जेवण घातले, तेव्हा आधी जे स्वतः केले तेच पुढे लोकांना सांगितले. पंढरपुरात चोखामेळ्याच्या नावाची धर्मशाळा उभी केली ती अस्पृश्य म्हणून बाहेर ठेवलेल्या वारकऱ्यांसाठी. तिथे उतरणाऱ्याची नीती तपासायला दारावर कोणी बसवला नव्हता. अमुकाने माळ घातली म्हणून पायरी वर, अमुक पारधी म्हणून खाली, हा हिशेब त्यांच्यापाशी नव्हता.

कोणी म्हणेल, मग त्यांच्या कीर्तनाने किती जणांची दारू सुटली, ते तरी सांगा. ते कोणी मोजले नाही. कीर्तन संपले की लोक पाया पडायला धावत आणि महाराज त्यांना चुकवून अंधारातून निघून जात. मागे कोण सुधारला आणि कोण पुन्हा गुत्त्यावर गेला, हे पाहायला ते थांबत नसत. २० डिसेंबर १९५६ ला वलगावजवळ, अमरावतीच्या वाटेवरच, त्यांचा देह पडला, तोपर्यंत हेच. सकाळी ज्या गावात कीर्तन झाले तिथले लोक उठत, तेव्हा रस्ते झाडलेले असत आणि झाडणारा पुढच्या गावाच्या शिवेत पोचलेला असे.